जिला सिनेमे आवडत नव्हते अशी संकलक : बेआटे माइंका-येलिंगहाउसबद्दल कोणी सांगेल का?

कातरवेळ

नमस्कार मंडळी. मी अंधेरीत असिस्टंट एडिटर आहे, तीन वर्षं झाली. म्हणजे दिवसभर क्लिप्सना नावं द्यायची, साउंड सिंक करायचा, दोन-दोन बॅकअप घ्यायचे आणि सर जेवायला गेले की त्यांच्या टाइमलाइनकडे चोरून बघायचं.

गेल्या महिन्यात जर्मन दिग्दर्शक वर्नर हर्झॉगचे जुने सिनेमे ओळीने पाहिले. 'अगिरे', 'कास्पर हाउझर', 'स्ट्रोशेक', 'नोस्फेराटू', 'फिट्झकराल्डो'. श्रेयनामावलीत संकलनाला दर वेळी एकच नाव, बेआटे माइंका-येलिंगहाउस. शोधलं तर हाती लागली ती नुसती सिनेमांची यादी. आणि एक वाक्य, की या बाईंना म्हणे हर्झॉगचे सिनेमे आवडायचे नाहीत. न आवडणारे सिनेमे सोळा वर्षं कापत बसल्या? का?

विचारायचं कारण माझं स्वतःचं आहे. माझ्याच वयाचा एक मुलगा पहिला सिनेमा करतोय, एडिट मी करावं म्हणतो. माझं पहिलं स्वतंत्र श्रेय असेल. अकरा दिवसांचे रशेस, म्हणजे कच्चं चित्रीकरण, माझ्याकडे आलेत. मला ते आवडलेले नाहीत. त्याला अजून बोलले नाहीये.

पॉपकॉर्न_मोठा

हर्झॉग म्हणजे झोप. जर्मन एडिटिंग बघायचं तर 'लोला रेन्ट' बघ, १९९८चा. ८१ मिनिटं, श्वास घ्यायला वेळ नाही. एडिटर माटिल्ड बोनफ्वा, मूळची पॅरिसची, फ्रेंच कवी ईव्ह बोनफ्वा यांची मुलगी. याच बाईंनी पुढे स्नोडेनवरचा 'सिटिझनफोर' एडिट केला. आणि 'दास बोट'चे हानेस निकेल! त्या सिनेमाच्या सहा ऑस्कर नामांकनांत एक एडिटिंगचं होतं. पाणबुडीत घुसमट होते ती एडिटिंगने.

रशेस आवडले नाहीत तरी पैसे देत असेल तर कर.

ट्रिमबिन

कातरवेळ, आयडी झकास. संकलकाने घ्यावा असाच.

मी १९८० ते ८३ पुण्याला फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये एडिटिंगला होते. आता एका डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, त्यामुळे हे तीन बैठकांत लिहितेय. सांधे दिसले तर कानाडोळा करा. सांधे दिसू नयेत म्हणूनच आयुष्यभर पैसे घेतले, आता फुकटात दिसू देत.

आम्ही शिकलो ते टेबल स्टीनबेकचं, हँबुर्गचं. आडव्या थाळ्या, मधे छोटा पडदा, हाताशी वेगाची मूठ. पुढे फिरवली की चित्र पुढे, मागे फिरवली की उलटं, जास्त फिरवली की सगळे चार्ली चॅप्लिनसारखे पळतात. बेआटेबाईंची सगळ्यांत प्रसिद्ध गोष्ट अशाच टेबलावरची आहे, ती आधी सांगते.

हर्झॉगचा पहिला मोठा सिनेमा 'साइन्स ऑफ लाइफ'. ग्रीसमधल्या कोस बेटावर चित्रीकरण, १९६७ साल. हर्झॉग तेव्हा पंचविशीचा पोरगा. हा किस्सा त्याने स्वतःच मुलाखतीत सांगितलाय. पहिलं रीळ सहाशे मीटरचं, म्हणजे पस्तीस एमएमला जवळपास २२ मिनिटं. ते उलटं गुंडाळलेलं होतं, शेपूट बाहेर. कोणीही असिस्टंट आधी ते सुलटं करून घेईल. बाईंनी तसंच चढवलं आणि पाचपट वेगाने उलटं पाहिलं. शेवटापर्यंत. मग उचललं आणि केराच्या डब्यात टाकलं. अगदी वाईट आहे, मी याला हात लावणार नाही, अशा अर्थाचं काहीतरी म्हणाल्या.

तो हबकला. पण काही आठवड्यांनी बाकीचा सिनेमा आकाराला आल्यावर त्याच्या लक्षात आलं की बाई बरोबर होत्या.

तुम्ही डिजिटलवाल्या आहात म्हणून सांगते. फेकलं ते रीळ म्हणजे रश प्रिंट. निगेटिव्ह लॅबमध्ये असते, हवी तर पुन्हा प्रिंट काढता येते. सर्वनाश वगैरे झाला नव्हता. पण पंचवीस वर्षांच्या दिग्दर्शकाला निगेटिव्हचं सांत्वन पुरत नाही, त्याला डब्यातलं रीळ दिसतं.

आता ते उलटं, पाचपट वेगाने पाहणं. ऐकायला विक्षिप्त वाटतं, तसं ते नाही. सुलट आणि आवाजासकट पाहिलं की आपण गोष्टीत अडकतो. नट बरा बोलला, संवाद चांगला आहे, याला इतका खर्च झाला म्हणे. उलट पाहिलं की हे सगळं गळून पडतं आणि उरते ती हालचाल, उजेड आणि चौकट. शॉटमध्ये काही जिवंत असेल तर उलटं पाहतानाही डोळा अडकतो. मी विद्यार्थी असताना मास्तरांची पाठ वळली की करून बघायचे. आमच्या डिप्लोमा फिल्ममधला माझा सगळ्यांत लाडका शॉट अशाच एका दुपारी मेला.

आता तुझा प्रश्न. ही बाई हर्झॉगची संकलक म्हणून ओळखली जाते, पण ती त्याच्याकडे आली तेव्हा कोरी पाटी नव्हती. तिने दिग्दर्शक अलेक्झांडर क्लुगंबरोबर काम केलेलं होतं. क्लुगं म्हणजे वकिलीचं शिक्षण घेतलेला माणूस. तत्त्वज्ञ अडोर्नोने त्याला फ्रिट्झ लांगच्या सेटवर धाडला, सिनेमा शिकायला. (तो सिनेमा कुठला, तर आपल्या उदयपूरला जाऊन चित्रीकरण केलेला, वाघ, महाराजा आणि नर्तकीवाला. क्लुगं तिथे काय शिकला देव जाणे. त्याचे स्वतःचे सिनेमे बरोब्बर उलट निघाले.) १९६२ साली ओबरहाउझेन गावच्या लघुपट महोत्सवात सव्वीस जणांनी जाहीरनामा काढला की बापजाद्यांचा सिनेमा मेला, आम्ही नवा करू. त्या सव्वीसांत क्लुगं होता.

त्याचा पहिला मोठा सिनेमा १९६६चा, 'आबशीड फॉन गेस्टर्न', इंग्रजीत 'यस्टरडे गर्ल'. पूर्व जर्मनीतून आलेली ज्यू मुलगी अनिता जी. स्वेटर चोरल्याबद्दल न्यायाधीशासमोर उभी आहे. भूमिका क्लुगंच्या सख्ख्या बहिणीने केलीय. संकलन बेआटेबाईंचं. तो सिनेमा गोधडीसारखा आहे. मधेच पाटी, मधेच जुना फोटो, मधेच पळवलेलं चित्र, मधेच कोणीतरी वाचतंय. जोड लपवलेला नाहीच, उलट शिवणच पुढे काढून ठेवलीय. क्लुगंचं म्हणणंच असं की सिनेमा दोन चित्रांच्या मधल्या फटीत, बघणाऱ्याच्या डोक्यात होतो. व्हेनिसला त्याला रौप्य सिंह मिळाला.

आणि मग १९६८. हे साल लिहून ठेव. त्या एका वर्षात बर्लिनला 'साइन्स ऑफ लाइफ'ला रौप्य अस्वल, आणि व्हेनिसला क्लुगंच्या सर्कशीवरच्या सिनेमाला सुवर्ण सिंह. दोन्हीकडे संकलनाला हीच बाई. एक सिनेमा तुकड्यांचा. दुसऱ्यात एक सैनिक डोंगरावरून खाली बघतो, खोऱ्यात पवनचक्क्याच पवनचक्क्या, हजारोंनी, सगळ्या फिरताहेत, आणि त्याचं डोकं फिरतं. तो शॉट चालूच राहतो. तुझ्या सरांनी तो सहा सेकंदांत गुंडाळला असता. मीही बहुधा वीस सेकंदांत कापला असता.

एकाच हाताने एकीकडे गोधडी शिवली आणि दुसरीकडे पैठणी कापायची नाही म्हणून कात्री खाली ठेवली. म्हणून 'दिग्दर्शकाची सावली' हा शब्द मला या बाईबद्दल पटत नाही. दोन इतक्या वेगळ्या माणसांची सावली एकच कशी पडेल?

उरलेलं उद्या. डोळ्यात थेंब घालायची वेळ झाली.

ट्रिमबिन

कालचं पुढे.

कापायचं कुठे हे सगळे शिकवतात. कापायचं नाही कुठे, हे या बाईकडून शिकावं. 'लँड ऑफ सायलेन्स अँड डार्कनेस' बघ, १९७१चा माहितीपट. फिनी श्ट्राउबिंगर या बहिऱ्या आणि आंधळ्या बाईबद्दल आहे. शेवटी एक म्हातारे गृहस्थ, तेही ऐकू-दिसू न येणारे, बाकावरच्या मंडळींपासून उठून एकटेच चालत जातात. फांदीला हात लागतो. चाचपतात. मग खोड सापडतं, त्यालाही हात लावत राहतात. कोणी काही बोलत नाही. कॅमेरा लांबून बघतोय.

मी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा माझा उजवा हात मांडीवर आपोआप हलला, मूठ थांबवायला. त्या माणसाने फांदी धरली तिथे, खोड धरलं तिथे, अशा कापायच्या तीन जागा मी मोजल्या. बाईंनी तिन्ही सोडल्या. आणि सोडल्या म्हणून तो शॉट 'आंधळा माणूस झाडाला हात लावतो' एवढ्यावर न थांबता दुसरंच काही होतो. काय होतो ते मला चाळीस वर्षांत सांगता आलेलं नाही.

'वॉयझेक'चं ऐक. 'नोस्फेराटू' संपल्यावर पाच दिवसांत, तीच टोळी, तोच दमलेला नट किन्स्की. चित्रीकरण अठरा दिवस, संकलन चार दिवस, हे हर्झॉगनेच सांगितलेलं. चार दिवस! लांबच लांब शॉट, सांधे थोडे. लोकांना वाटतं सांधे थोडे म्हणजे काम थोडं. खोटं. साडेतीनशे सांध्यांत पाच चुकले तर खपतात. पंचवीस-तीसच असतील तर प्रत्येक सांधा दारावरच्या पाटीसारखा दिसतो.

त्याच्या आधी 'नोस्फेराटू'. त्यात संवादांचे प्रसंग दोन भाषांत घेतले होते, जर्मन आणि इंग्रजी. म्हणजे नट तेच, पण लय निराळी, कारण जर्मन वाक्यात क्रियापद पुष्कळदा शेवटी येतं आणि समोरचा तोवर वाट बघतो. आपल्या मराठीसारखंच. इंग्रजीत वाट बघायचं कारण आधीच संपतं. प्रतिक्रिया कधी दाखवायची हे भाषा ठरवते, हे मला त्या सिनेमाच्या दोन आवृत्त्या शेजारी-शेजारी पाहून कळलं.

'फिट्झकराल्डो'बद्दल सगळ्यांना डोंगरावरून ओढलेलं जहाज आठवतं. मला आठवतं ते वेगळंच. आधी नायक म्हणून जेसन रोबार्ड्सला घेऊन जवळपास चाळीस टक्के चित्रीकरण झालं होतं, तो आमांशाने आजारी पडून परत गेला, मग त्यातच काम करणाऱ्या गायक मिक जॅगरची तारीख संपली, आणि सगळं पहिल्यापासून किन्स्कीला घेऊन. चाळीस टक्के! हे वाचलं की पोटात गोळा येतो. मनाने मी ते डबे मोजायला लागते.

आता आवडीनावडीचं. हर्झॉगच्या सांगण्यानुसार बाई टेबलावर बसून कुरकुरायच्या, हे किती वाईट आहे म्हणायच्या, प्रीमियरला यायच्या नाहीत. अपवाद एकच, 'इव्हन ड्वार्फ्स स्टार्टेड स्मॉल'. तो तेवढा त्यांना आवडला होता. तू पाहिला नसशील तर सांगते, त्यातले सगळे नट बुटके आहेत, एका संस्थेत बंड करतात, आणि शेवटी त्यांतला सगळ्यांत लहान माणूस गुडघे टेकलेल्या उंटाकडे बघून हसत सुटतो. हसतो, खोकतो, पुन्हा हसतो, कापतच नाहीत. निम्मे प्रेक्षक इथे उठून जातात. बाईंना आवडलेला सिनेमा हा! म्हणजे बाकीचे त्यांना का आवडत नव्हते, याचा थोडा अंदाज येतो. 'भयंकर आहे' म्हणून नव्हे. बहुतेक पुरेसे भयंकर नाहीत म्हणून. हा माझा तर्क, भांडायला या.

पोट्सडामकर

ट्रिमबिनताई, दंडवत. दोन्ही प्रतिसाद बायकोला वाचून दाखवले.

मी पोट्सडामला राहतो, कामाने पोस्ट-प्रॉडक्शनवाला, मूळ सांगलीचा. आधी एक खोडी काढतो, इथे 'हर्झॉग' म्हटलं की लोक दोनदा विचारतात. हेर्त्सोग.

कातरवेळला इथलं थोडं. संकलनाला जर्मनमध्ये दोन शब्द आहेत, 'श्निट' म्हणजे काप आणि 'मोंटाज' म्हणजे जुळणी. जुन्या श्रेयनामावलीत 'श्निट' असतं. आमच्या गावातल्या बाबेल्सबर्गच्या फिल्म विद्यापीठात अभ्यासक्रमाचं नाव 'मोंटाज' आहे. करणाऱ्याला पूर्वी 'कटर', बाईला 'कटरिन' म्हणत. ऐकायला इंग्रजी, पण इंग्रज एडिटरला असं कोणी म्हणत नाही. हल्ली बऱ्याच जणांना तो शब्द शिंप्याच्या दुकानातला वाटतो, म्हणून 'एडिटर' म्हणतात. संकलकांची संघटना १९८४पासून आहे आणि कोलोनला फक्त संकलनावरचा एक महोत्सव भरतो. दिग्दर्शक तिथे पाहुणा म्हणून येतो, गंमत वाटते.

बायका या धंद्यात पहिल्यापासून खूप. कारण कौतुकाचं नाही. चिकटवणं, नंबर लावणं, गुंडाळणं हे शिवणकामासारखं 'हातकाम' समजलं जायचं, पगारही तसाच. पूर्व जर्मनीत डेफा या सरकारी स्टुडिओतही तेच. 'पाउल उंड पाउला' आणि 'सोलो सनी' या तिथल्या दोन गाजलेल्या सिनेमांचं संकलन एव्हेलिन कारोव यांचं.

आजचं नाव विचारशील तर बेटिना ब्योलर. असिस्टंटपासून सुरुवात. दिग्दर्शक क्रिस्टियान पेट्झोल्डबरोबर २०००च्या 'दी इनरे झिशरहाइट'पासून. 'फीनिक्स'चा शेवट बघ, २०१४चा. नवऱ्याने न ओळखलेली बायको पियानोजवळ उभी राहून गाते, बाही सरकते, हातावरचा छळछावणीचा नंबर दिसतो, आणि तो वाजवायचा थांबतो. कोणाच्या चेहऱ्यावर किती वेळ थांबायचं, एवढ्यावरच तो प्रसंग उभा आहे. ब्योलरबाईंनी २०२०मध्ये श्लिंगेनझीफ या रंगकर्मीवर स्वतः माहितीपट दिग्दर्शित केला, जवळपास साठीला आल्यावर. म्हणजे घाई नाही.

यायचं असेल तर भाषा पक्की कर. कापणं खुणांनी जमेल, पण एडिट रूममध्ये निम्मा वेळ वाद घालायचा असतो आणि वाद बी-१वर, म्हणजे मधल्या पातळीच्या जर्मनवर, जिंकता येत नाही. स्वानुभव.

शंकासुर

सगळं छान, पण एक शंका. रीळ डब्यात टाकलं, प्रीमियरला यायच्या नाहीत, कुरकुरायच्या, हे सगळं सांगतोय कोण? हर्झॉग. हा तोच माणूस ना, जो सत्यापेक्षा 'परमानंदी सत्य' मोठं मानतो आणि माहितीपटात प्रसंग रचतो? बाईंचं स्वतःचं म्हणणं या धाग्यात एकही नाही. खडूस, सच्ची, फटकळ संकलक हे दिग्दर्शकाच्या गोष्टीतलं पात्रसुद्धा असू शकतं. त्याला ते शोभून दिसतं, बघा माझी संकलक किती कडक होती, तरी मी ऐकलं.

दिग्दर्शक फासबिंडरकडे तर आणखी गंमत. तो स्वतः संकलन करायचा तेव्हा 'फ्रान्झ वाल्श' हे टोपणनाव लावायचा. श्रेयनामावलीवर कितपत विसंबायचं?

ट्रिमबिन

शंकासुर, दाढी ओढायची नाही, पण आलात ते बरोबर वेळेला आलात. मान्य आहे. ते किस्से त्याचे आहेत आणि तो गोष्टीवेल्हाळ आहे. मी काल लिहिताना वाहवत गेले. पुरावा म्हणून धरायचा तर पडद्यावरचा धरू. पवनचक्क्या किती वेळ फिरतात ते घड्याळ लावून मोजता येतं. ते झाड तिथेच आहे.

फासबिंडरची गोष्ट मात्र उलटी आहे. युलियाने लोरेन्त्स १९७६ साली त्याच्याकडे असिस्टंट म्हणून आली, मान्हाइमची अठरा-एकोणीस वर्षांची मुलगी. 'मारिया ब्राउन'पासून 'क्वेरेल'पर्यंत ती बरोबर होती. त्यात 'बर्लिन आलेक्झांडरप्लाट्झ' आला, तेरा भाग आणि वर एक उपसंहार, पंधरा तासांच्या आसपासचा ऐवज, सोळा एमएमवर. १९८२च्या जूनमध्ये तो गेला, वय ३७. लोरेन्त्स तेव्हा चोवीस. १९९२पासून तिने त्याच्या नावाच्या प्रतिष्ठानचा कारभार पाहिला, त्याच पंधरा तासांचं पुनरुज्जीवन करून घेतलं आणि २००७ला बर्लिन महोत्सवात पुन्हा दाखवलं. त्याने दिग्दर्शन केलं तेरा-चौदा वर्षं. तिने त्याच्या सिनेमांची राखण त्याच्या दुपटीहून जास्त वर्षं केलीय. आणि बेआटेबाई ऐंशीच्या दशकात थांबल्या. १९८४चा ऑस्ट्रेलियातल्या मुंग्यांच्या नावाचा तो सिनेमा हर्झॉगबरोबरचा शेवटचा. सांगण्यासारखं म्हणजे १९७८च्या 'जर्मनी इन ऑटम' या अनेकांनी मिळून केलेल्या सिनेमात संकलकांच्या यादीत दोघींची नावं आहेत. एकीने दिग्दर्शकाचं घर सांभाळलं, दुसरी प्रीमियरला जात नव्हती म्हणे (बरं, 'म्हणे' लावलं). दोन्ही करिअरच आहेत.

कातरवेळ, तुझ्या मूळ प्रश्नाला मी बगल देतेय हे माझ्या लक्षात आलंय. देते उत्तर. पण त्यासाठी माझं सांगावं लागेल, हर्झॉगचं चालणार नाही.

१९८६-८७ची गोष्ट. ताडदेवच्या एका एडिट रूममध्ये मी ऊसतोड कामगारांवरचा माहितीपट कापत होते, सोळा एमएम. दिग्दर्शक भला माणूस. बीड जिल्ह्यातून बैलगाड्या निघतात तिथपासून कारखान्याच्या गव्हाणीपर्यंत सगळं टिपून आणलेलं. त्यात त्याचा जीव अडकलेला एक शॉट होता. मावळता सूर्य, उसाचं रान, कोयता घेतलेली बाई, मागून उजेड. कॅलेंडर. मी दोन दिवस गप्प बसले. तिसऱ्या दिवशी म्हटलं, हा वाईट शॉट आहे, हा काढू या. बेआटेबाईंचा किस्सा तेव्हा मला माहीतही नव्हता. त्याने शांतपणे चहा संपवला. पुढच्या सोमवारी माझ्या खुर्चीवर दुसरा एडिटर होता. सिनेमा झाला, सूर्य मावळला, कौतुकही झालं. माझे निम्मे पैसे आजतागायत बाकी आहेत.

बरीच वर्षं मी ही गोष्ट माझ्या बाणेदारपणाची म्हणून सांगायचे. मग एकदा तो माहितीपट पुन्हा पाहिला. शॉट वाईटच आहे. पण मी मूर्खपणा केला तो दुसरीकडे. त्याच रशेसमध्ये एक शॉट होता, पहाटे पाचला पालाच्या झोपडीसमोर एक पोरगी झोपेत असल्यासारखी उभी राहून भावाची चड्डी शोधतेय. हललेला, थोडा आऊट, दिग्दर्शकाने एन.जी. (नॉट गुड) म्हणून बाजूला ठेवलेला. माझ्या बिनमध्ये (फिल्मचे तुकडे लटकवायच्या पेटीत) चार दिवस लटकत होता. मी त्याला 'हे काढ' म्हटलं, 'हे घे' म्हटलंच नाही. हातात काही नसताना त्याच्या हातातलं काढून घेतलं. मग तो का सोडेल?

तर रशेस वाईट आहेत असं त्याला नक्की सांग. पण आधी अकरा दिवसांचं सगळं पुन्हा बघ. आवाज बंद कर, उलटं चालव, वेग वाढव. डोळा कुठे अडकतो ते लिही. काहीच अडकलं नाही तर काम घेऊ नकोस, पैसे कितीही देवोत. एक जरी जागा सापडली तरी तिथून बोलायला सुरुवात कर. आणि बोलणं समोरासमोर, व्हॉट्सअ‍ॅपवर नाही. चेहरा बघायचा असतो, तोच तर आपला धंदा.

पॉपकॉर्न_मोठा

मी माझे शब्द मागे घेतो. पैसे आधी घे.

पोट्सडामकर

ताई, त्या चड्डीच्या शॉटची प्रिंट आहे का कुठे?

ट्रिमबिन

नाही हो. ट्रिम्स, म्हणजे कापून उरलेल्या फिल्मच्या पट्ट्या, वर्षभराने भंगारात जायच्या. चांदी काढायला घेऊन जायचे लोक किलोवर.

कातरवेळ

सगळ्यांचे आभार, विशेषतः ट्रिमबिनमावशींचे (चालेल ना मावशी?).

शनिवार-रविवार घालवला. अकरा दिवसांचे रशेस, उलटे, मुके, पाचपट. पहिल्या तासात डोकं दुखलं, मग सवय झाली. सहाव्या दिवसापर्यंत काहीही अडकलं नाही. सातव्या दिवशी एका टेकनंतर 'कट' म्हटल्यावरही कॅमेरा चालू राहिलाय. नायिकेचं काम करणारी मुलगी पात्र सोडते आणि खिडकीच्या गजाला कपाळ टेकवते. नऊ सेकंद. उलटं पाहताना ती गजापासून निघून पात्रात शिरते असं दिसलं. मी पाच वेळा पाहिलं.

काल त्याला भेटले, वर्सोव्याला. म्हटलं, सहा दिवसांचं मला आवडलेलं नाही, आणि हे नऊ सेकंद आवडलेत. लॅपटॉपवर दाखवले. तो म्हणाला, हा तर टेक नाहीये. मी म्हटलं, माहितेय. मग बराच वेळ काही बोलला नाही. बिल त्याने दिलं.

ट्रिमबिन

मावशी चालेल. हार्ड डिस्क परत मागितली का?

कातरवेळ

अजून तरी नाही.

ट्रिमबिन

मग तिचा बॅकअप घे आणि आठवा दिवस लाव.